दुभंगलेला ओठ, दुभंगलेली टाळू: ओठ शिवला की काम संपतं का?

निशिगंध

दुभंगलेल्या ओठाचा विषय निघाला की चर्चा ओठापाशी सुरू होते आणि ओठापाशीच संपते. ओठ दिसतो ना! टाळू दिसत नाही, आणि लांबचा पल्ला तिचाच असतो: दूध पिणं, ऐकू येणं, बोलणं, वरच्या जबड्याची वाढ. म्हणून हा धागा.

आधी थोडी पायाभरणी. गर्भाचा चेहरा तुकड्यातुकड्यांनी जुळत जातो. वरचा ओठ साधारण चौथ्या ते सातव्या आठवड्यात तयार होतो. मधला भाग नाकाकडून खाली येतो, बाजूचे दोन गालांकडून येतात. म्हणून फट सहसा ओठाच्या ऐन मध्यावर नसते, नाकपुडीच्या खाली असते. टाळूची गोष्ट निराळी. तिच्या दोन फळ्या सुरुवातीला जिभेच्या दोन्ही बाजूंना खाली लोंबत असतात. जीभ खाली सरकली की त्या वर उचलल्या जातात, आडव्या होतात आणि पुढून मागे चेन ओढावी तशा जुळत जातात. सगळ्यात शेवटी पडजीभ. हे काम साधारण बाराव्या आठवड्यापर्यंत चालतं. चेन जिथे अडकली तिथून मागचं उघडं राहतं. म्हणून कुणाची फक्त पडजीभ दुभंगलेली असते, तर कुणाची हिरडीपासून मागपर्यंत सगळी फट.

जगभरात साधारण ७०० जन्मांमागे एका बाळाला यातलं काहीतरी असतं. म्हणजे दुर्मिळ अजिबात नाही.

माझे प्रश्न तीन. पहिल्या पंधरा दिवसांत नेमकं काय करायचं? ओठ तीन महिन्यांनी आणि टाळू वर्षाच्या आसपास, असं का? एकाच भुलीत दोन्ही का उरकत नाहीत? आणि शिवून झाल्यावरही काय बिघडू शकतं? माहीतगारांनी लिहावं. अनुभवकथनाचे धागे पुष्कळ आहेत, इथे नेमकी माहिती हवी.

अळणी

टाळू म्हणजे ती डोक्यावरची, जिथे बाळाचं धकधक दिसतं, तीच ना? ती दुभंगते?

शब्दवेडी

@अळणी, हसू नका कुणी, हा घोळ खरोखर होतो. मराठीत टाळू दोन. एक डोक्यावरची, दुसरी तोंडातलं छत. व्याकरणातले 'तालव्य' वर्ण या दुसरीवरून आले. त्यामुळे 'बाळाची टाळू उघडी आहे' एवढंच ऐकून घरी येऊ नये. डोक्याची टाळू प्रत्येक नवजात बाळाची उघडीच असते, त्यात काही वावगं नाही. 'तोंडातली का?' हे विचारून घ्यावं.

वाटीचमचा

पहिल्या पंधरा दिवसांचं मी लिहिते, कारण तेव्हा सगळं दुधावर असतं.

तत्त्व एकच आहे. बाळ दूध ओढतं ते तोंडात पोकळी करून. त्यासाठी पुढे ओठ बंद हवा आणि वर टाळू बंद हवी. टाळूला फट असली की तोंड आणि नाक एकच खोली होते, ओढ तयारच होत नाही. भोक पडलेल्या स्ट्रॉने सरबत ओढून बघा, म्हणजे बाळाचं काय होतं ते कळेल. पण गिळण्याची क्रिया मात्र बहुतेक बाळांची व्यवस्थित असते. म्हणजे दूध जिभेवर पोचवलं की बाळ गिळतं. आपलं काम पोचवण्याचं.

नुसता ओठ दुभंगलेला असेल तर अंगावरचं दूध बहुधा जमतं. स्तनाचा मऊ भाग फटीत बसून ती बुजवतो. नाही बसला तर आईने अंगठ्याने ओठाची फट झाकावी. टाळू दुभंगलेली असेल तर मात्र नुसत्या अंगावर पोट भरेल अशी आशा धरू नये. आईचं दूध पंपाने किंवा हाताने काढायचं, २४ तासांत आठेक वेळा, रात्रीची एक खेप धरून, आणि ते बाटलीने द्यायचं. वर सायंकाळी दहा मिनिटं जवळीक म्हणून अंगावर घ्यायला काहीच हरकत नाही.

बाटल्या दोन प्रकारच्या. एक मऊ, दाबता येणारी: बाळाने चोखायची हालचाल केली की आपण हलकेच दाबायचं, बाळ थांबलं की आपणही थांबायचं. दुसरी एकमार्गी झडपेची: बाळ हिरडी-जिभेने बूच (निपल) दाबतं, दूध पुढेच येतं, मागे बाटलीत जात नाही. झडप उलटी बसली की दूध येत नाही, आणि मग 'ही बाटली चालत नाही' म्हणून ती कपाटात जाते. झडप आधी तपासा. बुचाला हवेसाठी बारीक खाच असेल तर ती नाकाच्या बाजूला ठेवायची. बूच चपटं होऊन चिकटलं तर झाकणाचा आटा किंचित सैल करा.

बाळाला आडवं पाजू नका. डोकं पोटापेक्षा बरंच वर, ४५ अंश किंवा जास्तच उभं. बुचाचं टोक फटीत न घालता जिथे टाळू शाबूत आहे त्या बाजूला. हवा पोटात खूप जाते, म्हणून मध्येच दोन-तीनदा ढेकर काढायची.

हिशेब: पहिल्या आठवड्यानंतर किलोमागे रोज साधारण १५० मिलि. ३ किलोचं बाळ म्हणजे ४५० मिलि, आठ वेळा दिलं तर दर खेपेस ५५ मिलिच्या आसपास. एका खेपेला ३० मिनिटांपेक्षा जास्त वेळ लावू नका. तासभर पाजत बसलं तर जेवढं पोटात गेलं तेवढं दमण्यात खर्च होतं. मापदंड वजन. जन्मानंतर थोडं उतरतं, दोन आठवड्यांत जन्माच्या वजनाला परत यायला हवं, आणि पुढे रोज २० ते ३० ग्रॅम. आठवड्यातून दोनदा, शक्यतो त्याच काट्यावर. 'दूध तर भरपूर पितंय' हे काट्याला कळत नाही.

भुईमूग

साध्या बुचाचं भोक गरम सुईने मोठं केलं तर काम होतं असं वाचलंय.

वाटीचमचा

@भुईमूग, नको. मोठ्या भोकातून दूध सतत वाहतं, बाळ चोखो न चोखो. श्वास घेताना ते आत जातं, बाळ ठसकतं, निळसर पडतं. खास बाटली मिळेपर्यंत अधिक-चिन्हासारखी चीर असलेलं बूच चालतं, कारण ती चीर दाबल्याशिवाय उघडत नाही. नाहीतर बोंडलं किंवा वाटी-चमचा. त्यात एकच पथ्य: दूध घशात ओतायचं नाही, ओठाच्या कडेला थोडं थोडं लावत बाळाच्या गतीने जायचं.

आणि दूध नाकातून आलं की घाबरू नका. रस्ताच उघडा आहे तर येणारच. थांबा, बाळाला सरळ धरा, शिंकू द्या, पुसा, पुढे चालू. फट बोळ्याने खरवडून साफ करण्याचीही गरज नाही. शेवटी ओठाच्या कडा ओल्या मऊ फडक्याने टिपणं, बस्स.

दातओठ

वाटीचमचा, सगळं पटलं. पण टाळूवर बसणाऱ्या प्लेटचा उल्लेखच नाही?

वाटीचमचा

मुद्दाम नाही. दूध पाजण्यापुरती प्लेट म्हणाल तर तिच्यामुळे बाळाचं वजन जास्त वाढतं असं अभ्यासांत दिसलेलं नाही. प्लेटने फट झाकते ती पुढच्या कडक भागाची, मागची मऊ टाळू उघडीच राहते, मग पोकळी कशी होणार? दाबायची बाटली सोपी आणि स्वस्त.

दातओठ

पाजण्यापुरती म्हणाल तर मान्य. मी म्हणतोय ती नाक आणि हिरडी वळवायची प्लेट, तिचं काम निराळं. फट रुंद असेल तर हिरडीचे दोन तुकडे लांब असतात आणि त्या बाजूची नाकपुडी पसरट होऊन खाली बसलेली असते. जन्मानंतरचे पहिले काही आठवडे नाकाची कूर्चा मेणासारखी वळते, पुढे घट्ट होत जाते. म्हणून ही प्लेट पहिल्या दोनेक आठवड्यांतच सुरू करायची. बाळाच्या तोंडाचा साचा घेऊन ॲक्रिलिकची बनवतात, दिवसरात्र तोंडात, गालांवर चिकटपट्ट्या आणि रबर लावून बसवलेली. दर आठवड्याला आतून मिलिमीटरभर घासायची किंवा भरायची. हिरडीतली फट ५ मिमीच्या आत आली की मग नाकपुडी उचलणारा काटा जोडतात. आधी जोडला तर नाकपुडी नुसती ताणून मोठी होते.

बिघडतं कुठे? बहुतेकदा गालावर. चिकटपट्टी कोरडीच ओढून काढली की कातडी सोलवटते. खाली त्वचारक्षक पट्टी कायम ठेवायची, वरची बदलायची, काढण्याआधी ओली करायची. प्लेटच्या मध्ये ६ ते ८ मिमीचं भोक असतं, ते बुजवू नका. प्लेट निसटून मागे सरकली तर बाळाला श्वास त्यातून मिळतो.

मात्र दर आठवड्याला दवाखान्यात जाणं जमणार नसेल तर अर्धवट करण्यापेक्षा नुसत्या ओठावरच्या चिकटपट्टीवर भागवावं. शस्त्रक्रिया त्यामुळे अडत नाही.

भूलथाप

मधेच घुसतो, पण हे पहिल्या दिवशीचं आहे. टाळूची फट इंग्रजी यू अक्षरासारखी रुंद, हनुवटी अगदी आखूड आणि मागे गेलेली, जीभ घशाकडे पडलेली, असं असेल तर ते नुसतं दुभंगणं नाही. पिएर रॉबिन सीक्वेन्स म्हणतात त्याला. जबडा लहान राहिल्याने जीभ खाली सरकली नाही, म्हणून टाळूच्या फळ्या मिटल्या नाहीत, अशी ती साखळी. अशा बाळाला उताणं झोपवलं की जीभ श्वासाची वाट अडवते. छातीखालचा भाग आत ओढला जाणं, घोरल्यासारखा आवाज, दूध पिताना दम लागणं. तिथे बाटलीचा विचार नंतर, आधी श्वास. बाळ रुग्णालयातच, कुशीवर किंवा पालथं, ऑक्सिजन मोजणारं यंत्र लावून. पालथं झोपवणं हा देखरेखीखालचा उपचार आहे, घरी आपल्या मनाने करायची गोष्ट नाही.

टाचणी

+१००. दुभंगलेला ओठ सगळ्यांना दिसतो आणि आखूड हनुवटी कुणाला दिसत नाही.

भुईमूग

हे होतं कशामुळे? आईच्या खाण्यात काही कमी पडल्यामुळे का?

गुणसूत्र

'आईने काय केलं' इथे बहुतेक चर्चा जाते, आणि बहुतेक वेळा त्याचं उत्तर 'काही नाही' असंच असतं. अनेक जनुकं आणि थोडी परिस्थिती, असा एकत्र मामला आहे. ज्यांचा धोका वाढवण्याशी संबंध दिसतो त्या गोष्टी: गरोदरपणातलं धूम्रपान, आधीपासूनचा मधुमेह, आणि काही औषधं, उदाहरणार्थ फिट्सवरची व्हॅल्प्रोएट आणि टोपिरामेट. पण फिट्सची गोळी स्वतःहून बंद करणं त्याहून घातक. गर्भधारणेच्या आधी डॉक्टरांशी बोलून बदलायची. फोलिक ॲसिड रोज ४०० मायक्रोग्रॅम गर्भधारणेच्या आधीपासून घ्यावंच, पण त्याचा ठाम पुरावा मज्जारज्जूच्या दोषांबाबत आहे. ओठ-टाळूबाबत निष्कर्ष संमिश्र आहेत. म्हणजे 'गोळी चुकली म्हणून झालं' असं कुणी कुणाला ऐकवू नये.

पुढच्या बाळाचं विचाराल तर: घरात दुसऱ्या कुणाला नाही, बाळाला इतर दोष नाहीत, ओठ दुभंगलेला आहे, तर पुढच्या बाळाला शक्यता शंभरात ३ ते ५. पण हे सांगण्याआधी आई-बाबांचे खालचे ओठ बघावेत. तिथे दोन बारीक खळगे असतील तर व्हॅन डर वूड सिंड्रोम हा आनुवंशिक प्रकार असू शकतो. मग शक्यता थेट शंभरात ५० पर्यंत जाते. खळगे इतके लहान असतात की ज्यांना आहेत त्यांनाही त्याचं काही वाटत नसतं.

नुसती टाळू दुभंगलेली असेल तर इतर दोष सोबत असण्याची शक्यता ओठापेक्षा जास्त. हृदयाचा दोष, कॅल्शियम कमी, वारंवार संसर्ग दिसले तर २२व्या गुणसूत्राची तपासणी. रॉबिन असेल तर डोळेही तपासा. रॉबिनसोबत आढळणाऱ्या स्टिकलर सिंड्रोम या आनुवंशिक विकारात लहानपणीच मोठ्या नंबरचा चष्मा लागतो आणि पुढे दृष्टिपटल सुटू शकतं.

अळणी

सोनोग्राफीत आधीच कळत नाही का हे सगळं?

टाचणी

ओठ बहुधा कळतो, १८ ते २० आठवड्यांच्या तपासणीत. ओठ शाबूत आणि नुसती टाळू दुभंगलेली असेल तर सहसा निसटतं. जिभेआड आणि हाडांच्या सावलीत ती दिसतच नाही. तेव्हा 'सोनोग्राफी नॉर्मल होती' म्हणून जन्मानंतर तोंडात बघायचं सोडू नये.

आता ओठाच्या शस्त्रक्रियेबद्दल. ओठ शिवतात साधारण ३ ते ६ महिन्यांत. 'शिवतात' हा शब्दच फसवा आहे. दोन कडा ओढून टाके घातले तर ओठ वर ओढल्यासारखा राहतो, कारण फटीच्या बाजूची उंची मुळातच कमी असते. म्हणून आधी मोजमाप, शाईने ठिपके, मग मधला भाग फिरवून खाली आणायचा आणि बाजूचा भाग पुढे सरकवून रिकामी जागा भरायची. ही राल्फ मिलार्ड यांची पद्धत १९५० च्या दशकातली, आणि तिचे वारस आजही वापरात आहेत. कातडीखाली ओठाभोवतीचा गोल स्नायू असतो. तो फटीपाशी तुटून नाकाच्या बुडाशी चुकीचा चिकटलेला असतो. तो सोडवून आडवा जोडला नाही तर शांत बसलेलं मूल छान दिसतं आणि हसलं की गालाकडे गोळा येतो.

आणि एक रेघ. ओठाचा लाल भाग संपतो तिथे कातडीवर अगदी बारीक, किंचित उंच, फिकट कड असते. आरशात बघा, दिवा बाजूने धरला की चमकते. दोन्ही बाजूंची ही कड जुळवताना १ मिमीचा फरक पडला तरी समोर बसून बोलणाऱ्याला तो जाणवतो. माणसाचा डोळा त्या पायरीवर अडखळतो, कशावर अडखळला ते त्याला सांगता येत नाही. त्यामुळे पहिला टाका अनेकदा तिथेच पडतो.

भूलथाप

वेळेचा जुना ठोकताळा 'दहाचा नियम': १० आठवडे, १० पौंड म्हणजे साडेचार किलो, हिमोग्लोबिन १०. आता त्याला कुणी शिलालेख मानत नाही, पण वजन आणि रक्त ठीक नसेल तर घाई करण्यात काही मिळत नाही.

उपाशी ठेवण्याच्या वेळा सहसा अशा: पावडरचं दूध ६ तास आधी बंद, आईचं ४ तास, साधं पाणी २ तास. तुमच्या भूलतज्ज्ञाने वेगळं सांगितलं तर तेच खरं. घरातल्या कुणीतरी मायेने मध्येच पाजलं तर सांगून टाका. शस्त्रक्रिया पुढे ढकलता येते, फुप्फुसात गेलेलं दूध सहज काढता येत नाही. आणि ताप, खोकला, शेंबूड असेल तर आदल्या दिवशीच कळवा. सर्दी झालेल्या बाळाची श्वासाची वाट भुलीत आखडते.

खडीसाखर

निशिगंध यांच्या दुसऱ्या प्रश्नाकडे कुणी वळेल का? दोन्ही एकदम का नाही?

अळणी

एकावर एक फ्री.

टाचणी

काही ठिकाणी करतातही, पण सर्रास नाही. ओठ लवकर शिवला की जुळलेल्या स्नायूचा दाब हिरडीच्या तुकड्यांवर पडतो आणि फट आपोआप अरुंद होते, मग टाळूचं काम सोपं जातं. तीन महिन्यांच्या बाळात टाळू शिवली तर रक्तस्राव आणि सूज यांची जागा नेमकी श्वासाच्या वाटेवर. आणि टाळूवरचा व्रण वरच्या जबड्याची वाढ रोखतो. जितका व्रण लवकर आणि जास्त, तितका पुढे चेहऱ्याचा मधला भाग बसका.

पाटीपेन्सिल

थांबा थांबा. हे अर्धं झालं. वाढीसाठी उशीर चांगला, पण बोलण्यासाठी लवकर चांगलं. बाळ बडबडायला लागतं तेव्हा टाळू काम करणारी हवी, नाहीतर ते उघड्या टाळूने जमेल तसे आवाज शोधतं आणि तीच सवय जडते. या ओढाताणीवर मोठी चाचणी झाली आहे, निकाल २०२३ मध्ये आले. नुसती टाळू दुभंगलेली ५५८ बाळं, निम्म्यांची शस्त्रक्रिया ६ महिन्यांना, निम्म्यांची १२ महिन्यांना, आणि पाचव्या वर्षी बोलणं तपासलं. टाळू नीट मिटत नाही असं प्रमाण ६ महिन्यांच्या गटात ८.९ टक्के, १२ महिन्यांच्या गटात १५ टक्के.

भूलथाप

चाचणी चांगली आहे, पण 'सगळ्यांनी ६ महिन्यांना करा' असा अर्थ काढू नका. ती बाळं इतर दोष नसलेली, धडधाकट होती. रॉबिनच्या बाळाला सहाव्या महिन्यात टाळू मिटून दिली तर श्वासाचं काय? आणि लहान बाळांची भूल द्यायला तसा संघही हवा.

पाटीपेन्सिल

मान्य. पण 'दोन वर्षं थांबू, मोठं झालं की बघू' याला मात्र कुठलाच आधार नाही. साधारण ६ ते १२ महिने, फार तर दीड वर्ष.

मूळ मुद्दा असा की टाळू म्हणजे नुसतं छत नाही, ती झडप आहे. मऊ टाळू उचलणारा स्नायू दोन्हीकडून येऊन मध्ये झोळीसारखा जुळतो. दुभंगलेल्या टाळूत तो पुढे वळून कडक टाळूच्या मागच्या कडेला चिकटलेला असतो. भोक बुजवलं पण स्नायू सोडवून, आडवा करून, मागे जोडला नाही, तर टाळू अखंड दिसते आणि हलत मात्र नाही. म्हणजे दार बसवलं, बिजागरी नाही.

आणि यासाठी आपली वर्णमाला म्हणजे आयती तपासणी आहे. क ख ग घ ङ, च छ ज झ ञ, ट ठ ड ढ ण, त थ द ध न, प फ ब भ म. प्रत्येक ओळीतल्या पहिल्या चार अक्षरांना झडप बंद हवी, पाचव्याला उघडी. टाळू मिटत नसेल तर पहिली चार पाचव्याकडे घसरतात. 'प' आणि 'ब'चा 'म' होतो, 'त' आणि 'द'चा 'न'. 'बाबा' म्हणायला जावं तर 'मामा' ऐकू येतं. 'आई' मात्र येतं, थोडं नाकातून, पण ओळखू येतं, कारण त्यात नुसते स्वर. त्यामुळे 'आई म्हणतंय की, बोलणं ठीक आहे' ही फसगत होते.

अळणी

म्हणजे बाबांना चक्क मामा बनवलं.

शब्दवेडी

हे भारीच. पाणिनीय परंपरेत स्थान आणि प्रयत्न वेगळे केलेत, अनुनासिक वेगळं काढलंय. पाचवं अक्षर वेगळं का हे शाळेत कुणी असं सांगितलं असतं तर!

पाटीपेन्सिल

घरी करून बघायची युक्ती: लहान आरसा फ्रिजमध्ये गार करून नाकाखाली आडवा धरा. मुलाला 'पापा', 'टाटा', 'काका' म्हणू द्या. आरशावर वाफ धरली तर हवा नाकातून निसटतेय. 'मामा', 'नाना'ला वाफ धरणारच, ते बरोबर आहे. श्वास सोडण्याआधी आरसा बाजूला घ्या, नाहीतर प्रत्येक वेळी वाफ दिसेल. ही फक्त खूण आहे, निदान नव्हे.

भुईमूग

टाळू बळकट करायला फुगे फुगवणं, शिट्टी वाजवणं, पिसं फुंकणं हे व्यायाम चांगले ना?

पाटीपेन्सिल

मुलांना मजा येते, एवढाच फायदा. फुंकताना टाळू ज्या तऱ्हेने मिटते आणि बोलताना ज्या तऱ्हेने मिटते, त्या वेगळ्या आहेत. फुंकून फुंकून बोलणं सुधारत नाही. टाळू आखूड असेल तर कुठल्याही व्यायामाने ती लांब होत नाही. दोन गोष्टी वेगळ्या काढायला हव्यात. हवा झडप पुरत नाही म्हणून निसटतेय की चुकीची सवय म्हणून? क ऐवजी घशात आवाज अडकवायचा, ही सवय. ती वाचा उपचाराने सुटते, शस्त्रक्रियेने नाही. उलट झडपच अपुरी असेल तर दोन वर्षं उपचाराला पाठवून मुलाला आणि पालकांना दमवू नये. नाकातून दुर्बीण घालून मूल बोलताना टाळू बघायची. साधारण चौथ्या वर्षापासून मुलं हे करू देतात. मग टाळू पुन्हा दुरुस्त करायची की घशातला पट्टा वर जोडायचा हे ठरतं. पट्टा जोडल्यावर घोरणं, झोपेत श्वास अडणं यावर लक्ष ठेवावं लागतं.

टाचणी

कान राहिले. टाळूचाच एक स्नायू कानाची नळी उघडतो. तो नीट चालत नाही म्हणून पडद्यामागे पाणी साचतं, टाळू दुभंगलेल्या जवळपास प्रत्येक बाळात. दुखत नाही, पू येत नाही, ताप नाही. बाळाला पाण्याखालून ऐकावं तसं ऐकू येतं, आणि मोठ्या आवाजाला वळतं म्हणून घरचे निर्धास्त. जन्मानंतरची श्रवणचाचणी पास झाली म्हणजे झालं असं नाही, पाणी नंतरही साचतं. टाळूच्याच भुलीत गरज असेल तर पडद्यात बारीक नळ्या बसवतात. त्या काही महिन्यांनी आपोआप बाहेर पडतात, मग पुन्हा तपासणी.

खडीसाखर

शस्त्रक्रियेनंतर हातांना कोपराच्या पट्ट्या बांधतात, ते हवंच का?

टाचणी

पारंपरिक संघ बांधतात, बरेच जण आता नाही. पट्ट्या न बांधल्याने टाके जास्त उसवतात असं अभ्यासांत दिसलं नाही. बांधल्या तर दिवसातून अनेकदा एकेक करून सोडा, हात हलवू द्या, कातडी बघा.

टाळूनंतर पातळ आणि गुळगुळीत अन्न, साधारण दोन-तीन आठवडे. चमचा टाळूपर्यंत नेऊ नका, स्ट्रॉ नको, टोकदार खेळणी नकोत, प्रत्येक खाण्यानंतर पाणी. ताबडतोब जायचं कधी? तोंडातून ताजं लाल रक्त, आवाज करत श्वास, सहा-आठ तास लंगोट कोरडा. भोक राहिलंच तर ते बहुधा कडक आणि मऊ टाळूच्या सांध्यावर. खाल्लेलं नाकातून येतं यावरून कळतं. लगेच पुन्हा शिवत नाहीत, ऊती मऊ पडेपर्यंत काही महिने थांबतात.

ओठाचा व्रण दीड-दोन महिन्यांनी सगळ्यात लाल आणि कडक दिसतो. पालक नेमके तेव्हा हादरतात. पुढे वर्षभर तो मऊ आणि फिका होत जातो. जखम पूर्ण भरली की, साधारण तीन-चार आठवड्यांनी, बोटाने दाबून मालिश, दिवसातून तीन-चारदा, आणि ऊन टाळणं.

दातओठ

आणि हिरडीची फट? ती विसरू नका. तिथे हाड नसतं, म्हणून शेजारच्या सुळ्याला उतरायला जागा नसते. ८ ते ११ वर्षांच्या दरम्यान कमरेच्या हाडातला भुगा काढून तिथे भरतात. नेमकी वेळ एक्स-रेवरून: सुळ्याचं मूळ निम्मं ते दोन तृतीयांश तयार झालेलं, पण सुळा अजून वर असताना. मग दात स्वतःच त्या हाडातून खाली येतो आणि हाड टिकवून धरतो. त्याआधी बहुधा वरची कमान तारेने रुंद करावी लागते. फटीशेजारचा लहान दात अनेकदा जन्मतःच नसतो, तो पडला कुठे म्हणून शोधू नका. जबड्याची मोठी शस्त्रक्रिया लागलीच तर वाढ संपल्यावर. आणि दूधदात किडू देऊ नका. 'पडणारच आहेत' म्हणून सोडलेले दात पडतात, आणि हाड भरायच्या वेळी तिथे संसर्ग असतो.

निशिगंध

सगळ्यांचे आभार, दुसऱ्या प्रश्नावर तर वाद रंगला तेच बरं झालं. एक शंका राहिली. जन्मानंतर टाळू बोटाने चाचपतात. ते पुरेसं आहे का?

टाचणी

नाही. बोटाला पुढची कडक टाळू लागते, मागची फट निसटते. टॉर्च आणि जीभ दाबायची पट्टी, आणि पडजीभ दिसेपर्यंत बघायचं. वरून कातडी शाबूत आणि आत स्नायू दुभंगलेला असाही प्रकार असतो. तीन खुणा: पडजीभ दोन फाट्यांची, मऊ टाळूच्या मध्यावर निळसर पारदर्शक पट्टा, आणि कडक टाळूच्या मागच्या कडेला बोटाला लागणारी खाच. अशी मुलं कधीकधी शाळेत जाईपर्यंत सापडत नाहीत. 'नाकात बोलतो' एवढंच कळतं.

अळणी

आता घरातल्या सगळ्यांना टॉर्च लावून 'आ' करायला लावलंय. एकाची पडजीभ दोन फाट्यांची निघाली. घाबरायचं का?

टाचणी

@अळणी, नाही. नुसती पडजीभ दुभंगलेली शेकडा एक-दोन जणांत सापडते, बहुतेकांना आयुष्यभर काही होत नाही. बोलणं स्पष्ट असेल, खाल्लेलं नाकातून येत नसेल तर सोडून द्या. एकच गोष्ट कायम सांगायची: कधी ॲडिनॉइड (नाकामागची गाठ) काढायची वेळ आली तर कान-नाक-घसा डॉक्टरांना हे आधी सांगा. आखूड टाळू कधीकधी त्या गाठीला टेकूनच मिटत असते. गाठ पूर्ण काढली की दुसऱ्या दिवसापासून बोलणं नाकातून. आधी माहीत असेल तर खालचा भाग राखून काढता येतो.